निमिषगडचे अप्पा

छापखान्याच्या दारात आले की अप्पा बिराजदार आधी चपला काढत, मग दोन्ही हात खांद्याच्या रेषेत बाजूला पसरत आणि तसेच क्षणभर उभे राहत. कोणीतरी झडती घ्यायला येणार असावं, तसे. झडती घ्यायला कोणीच नसे. मग ते हात खाली घेऊन आत येत आणि माझ्या समोरच्या टेबलाशी बसत. मला वाटलं, योगासनाचा प्रकार असेल. मालकांना विचारलं तर ते म्हणाले, "लेखक माणूस आहे हो कुलकर्णी. लेखकांचं असतं काहीतरी."

हे दुष्काळाच्या थोडं आधीचं. साखर पेठेच्या तोंडाशी वसंतरावांचा छापखाना होता. लग्नपत्रिका, सिनेमाची हँडबिलं, पावतीपुस्तकं असा सगळा माल, आणि त्याबरोबर महिन्याला एक छोटी कादंबरी. पिवळट कागद, भडक कव्हर. एसटी स्टँडवर आणि मिलच्या गेटासमोरच्या पानपट्ट्यांवर ती दोरीला टांगलेली असे. मी तिथं प्रुफं तपासायचो. अप्पा त्या कादंबऱ्या लिहायचे.

कव्हरवर लेखकाचं नाव 'कालकेतू' असं असायचं. कालकेतू म्हणजे कोणी उंचापुरा, काळा चष्मा घातलेला माणूस असणार, अशी वाचकांची समजूत. अप्पा ठेंगणे होते. वळसंगचे. घरात कानडी, बाहेर मराठी. धोतर, कपाळाला विभूती, आणि डाव्या कानामागून मानेवर उतरलेला भाजल्याचा गुळगुळीत डाग. त्या कानानं त्यांना ऐकू येत नसे, म्हणून कोणी बोलायला लागलं की ते उजवा खांदा पुढं काढत. पन्नाशीचे असतील. मूलबाळ नव्हतं. बायको नागव्वा. तिनं दिलेली कडक भाकरी आणि शेंगाचटणी ते दुपारी माझ्यापुढं सरकवत आणि म्हणत, "खावा की. भाकरीला लाजू नये."

त्यांच्या सगळ्या कादंबऱ्या निमिषगडावर घडत. दोन सूर्य असलेला कुठलातरी मुलूख, त्यातला हा किल्ला. तिथले लोक लोखंडी पक्ष्यांवर बसून उडत, मंत्रानं दिवे लावत आणि पिढ्यान् पिढ्या आपसात लढत. पण तलवारींनी नाही. त्यांची हत्यारं वेळेची होती. जराजाळं अंगावर पडलं की आतला माणूस बघता बघता म्हातारा होई. परतचक्र फेकलं की लागलेला घाव लागायच्या आधीच्या घडीला परत जाई. आणि थांबकाठी जमिनीत रोवून घट्ट धरली की भोवतीचं सगळं जिथल्या तिथं थिजे. घोड्याचा उचललेला पाय उचललेलाच राही.

ही असली हत्यारं तेव्हा आणखीही कोणी लिहीत असतील. पण अप्पांच्या हत्यारांना एक गोम होती. जराजाळं टाकणाऱ्याची तेवढीच वर्षं कमी होत. परतचक्रानं ज्याला वाचवलं, त्याला वाचवणारा कायमचा विसरून जाई. आई आपल्याच पोराला 'कुणाचा रे तू?' म्हणून विचारी. आणि थांबकाठी धरणाऱ्याच्या अंगातून बाहेरचा सगळा थांबलेला काळ वाहत राही. बाकीचे थिजलेले, तो एकटा झिजत जाणार.

वसंतरावांना हे पसंत नव्हतं. ते स्वभावानं वाईट नव्हते, पण त्यांना माल खपवायचा होता.

"अप्पा, हिरोनं हत्यार मारलं की दुश्मन मेला पाहिजे. संपलं. हिरोला कशाला ताप?"

"मग ते हत्यार न्हवं मालक, खेळणं हाय."

"वाचकाला खेळणंच पाहिजे असतं."

"बिड्री," अप्पा म्हणत. म्हणजे, सोडा. कानडीत आले की त्यांचं बोलणं संपलं असं समजायचं. त्यानंतर मालक बोलत राहत आणि अप्पा लिहीत राहत.

एकदा चित्रकारानं कव्हरवर थांबकाठी म्हणून हिरेमाणकं जडवलेला राजदंड काढून आणला. अप्पांनी तो बराच वेळ पाहिला. "हे कोन धरील?" त्यांनी विचारलं. "हाताला टोचतंय की. काठी म्हंजे काठी. गुरं वळायची असती तशी. धरून धरून हाताच्या जागी काळी पडलेली." चित्रकार हसला. कव्हर राजदंडाचंच छापलं गेलं.

त्यांच्या दुसऱ्याही काही तऱ्हा होत्या. ते काडी स्वतः पेटवत नसत. चहाचा स्टोव्ह पेटवायचा झाला की बाहेर जाऊन उभे राहत. मनगटी घड्याळ त्यांनी कधी बांधलं नाही आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे पाठ करून बसत. मिलचा भोंगा झाला की लेखणी टेकवून तो पुरता संपेपर्यंत थांबत. मी या सगळ्याला तऱ्हेवाईकपणा समजत होतो. त्याचा उलगडा झाला तो एका दुपारी.

दुष्काळाचा पहिला उन्हाळा. दारासमोर माल उतरवायला लॉरी उभी होती. उन्हानं रस्ता मऊ पडला होता. मी प्रूफ वाचत होतो आणि एकाएकी लॉरीचं टायर फुटलं. आवाज मोठा होता, खिडकीची तावदानं वाजली. मान वर करायच्या आत मी जमिनीवर होतो. अप्पा टेबलावरून माझ्या अंगावर पडले होते आणि माझं डोकं त्यांनी दोन्ही हातांनी आपल्या छातीखाली दाबून धरलं होतं. त्यांचं काळीज माझ्या कानाशी धडधडत होतं. "उठू नगा, उठू नगा," एवढंच ते म्हणत होते. कंपोझिटर धावत आले, हसले, मग हसायचे थांबले. अप्पांचे हात सोडवायला दोघं जण लागले.

त्या दिवशी त्यांनी भाकरी उघडली नाही. मागच्या कागदांच्या खोलीत बसून त्यांनी मला सांगितलं. कुणाला सांगू नका असं म्हणाले नाहीत. पुन्हा कधी तो विषयही काढला नाही.

अप्पा तरुणपणी दारूगोळ्याच्या एका कारखान्यात होते. कुठल्या ते त्यांनी सांगितलं नाही. वळसंगचा कोरडवाहू तुकडा दोन भावांना पुरत नव्हता, म्हणून आधी ते गेले आणि मागून धाकट्या शिवानंदला नेलं. आत जाताना रोज झडती व्हायची. काडेपेटी, बिडी, लोखंडाचा खिळा, काही चालत नसे. हात पसरून उभं राहायचं.

"आमी येळ भरत हुतो," अप्पा म्हणाले. "गोळ्याच्या नाकाला बोंड असतंय. त्यात वात. गोळा सुटल्यावर किती येळानं फुटायचा, ते त्या बोंडात ठरवायचं. ते काम आमचं दोघांचं. मी हिकडच्या शेडात, शिवा पल्याडच्या. मधी मातीचा बांध."

"मग?"

"मी पाणी प्यायला बाहेर आलतो. आवाज म्या ऐकलाच न्हाय हो. आदी उजेड. मग मी पडलेला. उठून बघतो तर पल्याडचं शेडच न्हाय. एकाद्या बोंडातला येळ आदीच संपला असंल. शिवा हुता आणि शिवा न्हवता. त्या दोनीच्या मधी कायतरी असावं की? सुई शिरंल एवढं तरी? तेवढ्यात म्या हाक मारली असती. काय न्हवतं मधी."

त्यांनी रुमालानं तोंड पुसलं.

"लोकं इचारत्यात, कसं काय सुचतंय तुमाला. सुचायचं काय त्यात. मी आपली ती मधली जागा करून बघतो कागदावर."

त्याच सुमारास त्यांनी 'थांबलेला बाण' सुरू केली. ही त्यांची सर्वांत गाजलेली गोष्ट, दर महिन्याला एक भाग. निमिषगडाला शत्रूचा वेढा पडतो. दगा होऊन दरवाजा उघडतो. राणी हेमावती सज्जात उभी असते आणि तिच्या गळ्याच्या रोखानं बाण सुटतो. बाण वीतभर अंतरावर आला असताना दरवाजावरचा पहारेकरी सोमा थांबकाठी जमिनीत रोवतो. गड थिजतो. बाण हवेत तसाच. सोमानं काठी सोडली तर बाण लागणार. काठी धरून ठेवली तर सोमा म्हातारा होत जाणार. सज्जा लांब, काठी सोडल्याशिवाय त्याला तिथं पोचता येत नाही. पहिला भाग इथंच संपला होता. पुढच्या भागांत सोमाच्या आठवणी, वेढ्याबाहेरच्या हालचाली, लोखंडी पक्ष्यांच्या लढाया असं बरंच काही होतं, पण प्रत्येक भागाच्या शेवटी बाण होता तिथंच. मिलमधले लोक पानपट्टीवर विचारत, "काय रे, लागला का बाण?"

वर्षभर हे चाललं. त्यातच दुसऱ्या वर्षीही पाऊस गेला. माणसं खडी फोडायच्या कामावर जाऊ लागली, पुस्तकं कोण घेणार? कागदही मिळेना. वसंतराव म्हणाले, "अप्पा, पुढच्या भागात संपवा. राणी वाचवा, गड जिंकवा, मोकळे व्हा." अप्पांनी मान हलवली.

त्याच आठवड्यात पद्मा आली.

तिशीची, काटकुळी, विडीच्या तंबाखूनं बोटं पिवळी झालेली. घरी तेलुगू बोलणाऱ्या विणकरांपैकी. दारातूनच तिनं विचारलं, "कालकेतू कोण?" कंपोझिटरनं अप्पांकडे बोट केलं. तिला विश्वास बसला नाही. पुन्हा विचारून खात्री केली आणि मग सरळ येऊन अप्पांच्या टेबलाशी जमिनीवर बसली.

"माझा नवरा आजारी आहे," ती म्हणाली. "नरसय्या. मागावर होता. छाती गेली त्याची. दोनदा दवाखान्यात राहिला, आता डॉक्टर म्हणतात घरी ठेवा."

अप्पा उजवा खांदा पुढं काढून ऐकत होते.

"तो तुमची गोष्ट वाचतो. स्वतः वाचायचा, आता शेजारीण वाचून दाखवते. तो म्हणतो, बाणाचं काय होतं ते कळल्याशिवाय मी जात नाही." ती थांबली. "पानवाला म्हणाला, पुढच्या महिन्यात गोष्ट संपते."

"व्हय. मालकांनी सांगितलंय तसं."

"संपवू नका."

छापखान्यात यंत्र चालू होतं, तरी ते दोन शब्द आम्हा सगळ्यांना ऐकू आले. वसंतरावांनी खुर्चीतून मान वर केली. अप्पा तिच्याकडे पाहत राहिले.

"बाई, गोष्टीनं मानूस जगतंय व्हय?"

"डॉक्टर म्हणाले होते दिवाळी बघणार नाही. दिवाळी झाली, संक्रांत झाली. मग कशानं जगला?"

वसंतराव उठून आले आणि समजुतीच्या सुरात म्हणाले, "बाई, छापून खपत नाही हो आता. आम्ही तरी काय करणार?" तिनं त्यांच्याकडे पाहिलंही नाही.

"छापू नका," ती अप्पांना म्हणाली. "येऊन सांगा. पण संपवू नका."

दुसऱ्या दिवसापासून दुपारी काम आटोपलं की अप्पा नरसय्याकडे जाऊ लागले. माझं घर त्याच अंगाला होतं, त्यामुळे बऱ्याचदा मीही बरोबर असे. एकच खोली. निम्म्या खोलीत माग, त्यावर अर्धवट राहिलेली चादर धूळ खात पडलेली. उरलेल्या जागेत नरसय्याचं अंथरूण. माणूस म्हणून अंथरुणात फारसं काही उरलंच नव्हतं. पण डोळे मोठे, मिस्कील. पहिल्याच दिवशी त्यानं अप्पांना न्याहाळून म्हटलं, "अरे, तुम्ही तर आमच्यासारखेच!"

मग सुरू झाल्या त्याच्या शंका. लोखंडी पक्षी काय खातात? थांबलेल्या माणसाला डास चावतो का? सोमा लघवीला कसा जातो? अप्पा गंभीरपणे एकेकाचं उत्तर देत. डास पण थांबलेला असतो. सोमाचं अंग काठीशी एकजीव झालंय, त्याला भूक नाही, तहान नाही, नुसतं वय आहे. नरसय्या हसत असे आणि हसता हसता खोकला येई. पद्मा दाराशी विड्या वळत बसलेली असे. नवऱ्याचं हसू ऐकून तिचा हात थांबायचा. खोकला सुरू झाला की ती उठून त्याची पाठ धरायची.

असे उन्हाळ्याचे दिवस गेले. अप्पा रोज नवीन काहीतरी रचून नेत. वेढ्याबाहेर एक फौज येई, वाटेत नदीला पूर येई, फौज अडके. भुयार सापडे, भुयार कोसळे. वळसंगच्या बाजारातल्या माणसांचे स्वभाव त्यांनी निमिषगडच्या सरदारांना देऊन टाकले. मला त्यांचं नवल वाटे आणि थोडी भीतीही, कारण ते स्वतः सुकत चालले होते. नागव्वा एकदा छापखान्यात येऊन मला म्हणाली, "तितनं आले की जेवत न्हाईत. नुसतं बसून ऱ्हात्यात. तुमी तरी सांगा."

नरसय्याचं दुखणं वाढलं. आडवं झालं की श्वास कोंडे, बसावं तर मान धरवत नसे. पद्मा त्याला भिंतीशी टेकवून उशा लावी. त्याला डोळा लागत नसे. लागला तरी गुदमरून जाग येई. हसणं बंद झालं. शंका बंद झाल्या. अप्पा सांगत असताना तो नुसता त्यांच्या तोंडाकडे पाहत राही. एके दिवशी मध्येच त्यानं हात उचलला.

"अप्पा, पुन्हा फौज आणू नका."

अप्पा थांबले.

"मला कळतंय. बाण किती दिवस तिथंच ठेवाल?"

दाराशी पद्माचा हात थांबला होता. "सांगतील ते," ती तिथूनच म्हणाली. "पुढं पुष्कळ आहे अजून. आहे ना अप्पा?"

नरसय्यानं डोळे मिटून घेतले.

त्या दिवशी परत येताना अप्पा वाटेत एका बंद दुकानाच्या पायरीवर बसले. त्यांना धाप लागली होती. "कुलकर्णी," ते म्हणाले, "त्याचा जीव जाईना झालाय. आणि ती म्हणती अजून हाय पुढं. दोगंबी माझ्याच तोंडाकडं बघत्यात. कुनाचं ऐकू?"

मी म्हणालो, "तुमच्या गोष्टीनं काही होत नाही अप्पा. रोग आहे तो."

"तुमी शिकलेले हाय, तुमाला तसं वाटतंय," ते म्हणाले. "मला बी वाटायचं."

त्यानंतरच्या एका दुपारी आम्ही गेलो तेव्हा पद्मा घरात नव्हती. नळाला पाणी यायची वेळ निश्चित राहिली नव्हती. आलं अशी ओरड झाली की सगळ्या बाया घागरी घेऊन पळत. ती तशीच गेली होती. नरसय्या भिंतीला टेकून बसला होता. ओठ निळे. आम्हाला पाहून त्यानं आधी दाराकडे पाहिलं, मग अप्पांकडे.

"ती नाही," तो म्हणाला. "आत्ता सांगा. खरं खरं सांगा."

अप्पा त्याच्याजवळ खाली बसले. मग नरसय्याचा हात आपल्या हातात घेऊन त्यांनी सांगायला सुरुवात केली. ते शब्द मला जसेच्या तसे आठवतात असं म्हणता येणार नाही, पण गोष्ट आठवते.

"सोमा लई म्हातारा झाला. दाढी काठीला गुंडाळली. त्याला वाटायचं, आपण राणीला राखलंय. एक दिवस त्याला आवाज ऐकू आला. थांबलेल्या गडात आवाज कुटला? पण आला. राणीचा हुता. ती म्हणाली, सोमा, तू मला मरू दिलं न्हाईस, पण माझ्या डोळ्यांकडं बघ. बाण आला तवा माझे डोळे उगडे हुते. ते तसेच ऱ्हायलेत. किती वर्सं झाली, मला पापणी मिटता आली न्हाय. लई आग हुतीय रे. सोड."

नरसय्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. ते पुसायची त्याला ताकद नव्हती.

"सोमा म्हणाला, सोडली तर बाण लागंल. राणी म्हणाली, ठावं हाय. सोमानं लई येळ इचार केला. मग त्यानं मूठ उगडली. गड हलला. घोड्यानं पाय टेकला. पोरं पळत हुती ती पळत सुटली. कुणाचं तरी दूध उतू गेलं. राणीनं ते सगळं बगितलं. आणि बाण लागायच्या आदी तिनं डोळे मिटले."

"मिटले?"

"मिटले."

"बाणाआधी?"

"आदी."

नरसय्यानं मान हलवली. "बास," तो म्हणाला. त्याचा चेहरा मी इतके दिवस पाहत होतो, पण कपाळावरची आठी गेलेली तेव्हाच पाहिली.

पद्मा घागर घेऊन आत आली. उंबऱ्यातच तिनं नवऱ्याकडे पाहिलं आणि तिला कळलं. कसं ते मला सांगता येणार नाही.

"सांगितलंत?"

अप्पा उठून उभे राहिले. "व्हय."

तिनं घागर सावकाश खाली ठेवली, एक थेंबही सांडला नाही. "मी पाण्याला गेले होते," ती म्हणाली. "नुसती पाण्याला गेले होते मी." आणि मग तिनं अप्पांकडे पाठ फिरवली. आम्ही बाहेर पडलो.

नरसय्या दुसऱ्या का तिसऱ्या दिवशी गेला. अप्पा गेले होते, मीही गेलो. प्रेत उचलताना पद्मा रडली नाही. सगळी माणसं जमलेली असताना तिनं अप्पांकडे बोट दाखवलं आणि म्हणाली, "यांनी संपवलं." लोकांना काही समजलं नाही. दुःखानं बोलतेय म्हणून कोणीतरी तिला आत नेलं. अप्पा मान खाली घालून तिथंच उभे राहिले.

वसंतरावांनी पंधरवड्यानं पुन्हा विषय काढला. "अप्पा, शेवट द्या आता. अर्धवट ठेवून कसं चालेल?"

"त्यो दिला एकाला."

"मग मला नवीन द्या."

"बिड्री, मालक."

वसंतरावांनी शेवट दुसऱ्याकडून लिहून घेतला. कोणी कॉलेजातला हौशी मुलगा होता. त्याच्या शेवटात सोमा काठी उलटी रोवतो, बाण हवेतल्या हवेत वळतो, आल्या वाटेनं परत जाऊन शत्रूच्या राजाच्या छातीत घुसतो, आणि सोमाचं तारुण्यही परत येतं. मी त्याची प्रुफं तपासली. वाचायला मजेदार होतं. दुष्काळातही तो भाग खपला, पुन्हा छापावा लागला.

पद्मा छापखान्यात दुसऱ्यांदा आली ती तो भाग हातात घेऊन. यावेळी ती बसली नाही. अप्पा लग्नपत्रिकेचा मजकूर लिहीत होते. तिनं पुस्तक त्यांच्यापुढं ठेवलं.

"शेजारणीनं वाचून दाखवलं," ती म्हणाली. "यात राणी वाचली आहे."

अप्पांनी पुस्तकाला हात लावला नाही.

"म्हणजे वाचवता येत होती. मग त्याला तुम्ही ती मारून का सांगितली?"

"बाई, ह्ये माझं न्हाय. दुसऱ्यानं लिवलंय. ह्ये खोटं हाय."

"आणि तुमचं खरं होतं?"

यंत्रावरच्या माणसानं यंत्र बंद केलं होतं. वसंतराव आपल्या खुर्चीत कागद चाळत असल्याचं दाखवत होते. पद्मा उत्तराची वाट पाहत खरोखरच उभी होती. तिच्या आवाजात भांडण नव्हतं. तिला ते विचारायचं होतं. मग ती निघून गेली. पुस्तक टेबलावरच राहिलं.

अप्पांनी हातातला मजकूर पुरा केला. मुलीच्या मामाचं नाव चुकलं होतं, ते मला दाखवून दुरुस्त करून घेतलं. संध्याकाळी जाताना, "येतो कुलकर्णी," म्हणाले. दुसऱ्या दिवशी ते आले नाहीत. पुढं कधीच आले नाहीत. खोली सोडून नागव्वासह वळसंगला गेल्याचं कळलं. वसंतरावांनी कालकेतू हे नाव त्या कॉलेजातल्या मुलाला दिलं आणि निमिषगडाच्या कादंबऱ्या आणखी काही वर्षं निघत राहिल्या. त्यांतली हत्यारं फार परिणामकारक होती. वापरणाऱ्याला काही होत नसे.

अप्पांना मी शेवटचं पाहिलं ते चार-पाच वर्षांनी, वळसंगला एका लग्नाला गेलो होतो तेव्हा. पाऊसपाणी ठीक होतं. ज्वारी पुरुषभर वाढून दाण्यात आली होती. चौकशी करत मी रानात गेलो. बांधावर नागव्वा कांबळं टाकून बसली होती आणि शेजारी अप्पा. हातात गोफण, पायाशी दगडांचा ढीग. पाखरं राखायला बसले होते. खूप वाळले होते, पण मला पाहून खुलले. "बसा की," म्हणाले. घरच्यांची चौकशी केली, मालकांची केली. लिहिता का, असं मी विचारलं. त्यांनी नाही म्हटलं.

मग रानाकडे पाहत त्यांनी विचारलं, "ती बाई दिसती का कुटं?"

दिसत असे. विड्यांच्या कारखान्यात माल द्यायला जाताना ती छापखान्यावरून जाई. मी ते सांगितलं.

"बोलती?"

"नाही. छापखाना आला की पलीकडच्या बाजूनं जाते."

अप्पांनी मान डोलावली. "तिनं इचारलं त्याचं उत्तर म्या लई शोदलं," ते म्हणाले. "कदी वाटतंय, बरोबर केलं. सकाळी उटलं की वाटतंय, त्यानं आणखी एक महिना बगितला असता. एक पाऊस तरी." नागव्वानं त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला. कानडीत काहीतरी म्हणाली. मला ते कळलं नाही.

पाखरांचा थवा आला आणि रानाच्या मधोमध उतरला. अप्पांनी उठून गोफण फिरवली. दगड लांब जाऊन पडला. थवा उठला, थोडा हलला आणि पलीकडच्या अंगाला पुन्हा बसला. माझ्या एसटीची वेळ झाली होती. मी उठलो तसे तेही निघाले, पण माझ्या बाजूला नाही. दोन-चार दगड धोतराच्या सोग्यात घेऊन ते पाखरांच्या दिशेनं ज्वारीत शिरले. ज्वारी त्यांच्याहून उंच होती. रस्त्यावर येऊन मी मागं पाहिलं तेव्हा ते दिसत नव्हते. ते जात होते तिथली कणसं हलत होती, आणि मधून मधून "हो... होऽ" अशी त्यांची आरोळी येत होती. एसटी येईपर्यंत मी ती ऐकत उभा राहिलो.